कुलूपमास्तरांचा शिंपला

निरोपघरातल्या कुलूपमास्तरांना आपल्या कामाविषयी घरी बोलण्याची मुभा नव्हती. मुभा असती, तरी ऐकायला घरातले कोणी थांबले असते का, याची त्यांना स्वतःलाही खात्री नव्हती.

उभी हयात त्यांनी बोलशिंपल्यांना कुलपे घालण्यात घालवली. एकाच शिंपल्याची दोन अर्धुके. एकात बोललेले दुसऱ्यात उमटे, मग मध्ये समुद्र का असेना. परंतु त्याआधी ऐकणाऱ्याला शिंपल्याशी एक आठवण बोलावी लागे, धाडणाऱ्याने मनाशी धरलेली आणि त्या दोघांखेरीज कोणालाही ठाऊक नसलेली. आठवण जुळली की दोन्ही अर्धुके ऊबदार होत आणि दोन्हीकडून बोलणे सुरू होई. चुकली की शिंपल्यावर राखी थर चढे. तो पुरता राखी झाला की कायमचा मुका. मास्तरांच्या घरी अशा मुक्या शिंपल्यांत साबण ठेवत.

आठवणीचे कुलूप ही कल्पना मास्तरांचीच. परवलीचा शब्द चोरता येतो, आठवण चोरता येत नाही, हे त्यांनी वरिष्ठांना पटवून दिले होते, आणि त्याबद्दल निरोपघराने भर सभेत त्यांना हातांची खुर्ची बहाल केली होती. तिचा एक हात पुढे निखळला. मास्तर उरलेल्या हातावर रेलून बसत.

त्याच खुर्चीत बसून ते आता मुलीने धाडलेला शिंपला न्याहाळत होते. निरोपघरात नोकरी करायला तिने नकार दिला, त्यावरून बोलाचाली झाली, आणि ती बेटांवर दिवे दुरुस्त करायला निघून गेली. मास्तर तिला पोचवायला धक्क्यावर गेले नव्हते. आईचा आणि तिचा शिंपला वेगळा होता. आई तो भाजी चिरता चिरता उघडत असे. त्यातूनच परवा निरोप आला होता: बाबांना शिंपला पाठवलाय; उघडला तर घरी येईन, नाही तर शेवटच्या बेटावरची नेमणूक घेईन. शेवटच्या बेटावरून माणसे सहसा परतत नसत.

“काय सांगितलंत शिंपल्याला?” शिलाई यंत्रावरून मान न उचलता बायकोने विचारले.

“खुर्ची मिळाली तो दिवस. ती पहिल्या रांगेत होती.”

“आणि मागच्या रांगांत कोणीच नव्हतं?”

 चारचौघांत घडलेले कुलपाला चालत नाही, हा धडा मास्तर स्वतःच नवशिक्यांना पहिल्याच दिवशी देत.

“मग तिच्या तापाची आठवण सांगितली. मी उशाशी जागत होतो ती.”

“उशाशी मी होते. तुम्ही निरोपघरात होता.”

“असं कसं? मला तर चांगलं आठवतंय.”

“आठवणारच. मी सांगितलेलं आठवतंय तुम्हाला.”

शिंपला जवळजवळ राखी झाला होता. कडेला नखाएवढी चकाकी उरली होती. आणखी एक चूक, आणि त्यात साबण.

“अहो,” यंत्र थांबवून बायको म्हणाली, “तुम्ही जे जे सांगता त्यात तुम्ही थोर असता आणि ती नुसती बघत असते. असं एखादं आठवा की ज्यात तिनंही काही केलंय.”

असे एक होते. ते मास्तरांना आठवत नव्हते असे नाही. त्यांनी ते आठवणींत मोजलेच नव्हते. आपल्याला शोभणारे तेवढे जपायचे आणि उरलेल्याला गुपित म्हणायचे, हा त्यांचा खरा व्यवसाय असावा, अशी शंका त्यांना त्या क्षणी आली.

“तू जरा आत जातेस?”

“का?”

“तिसऱ्यानं ऐकलं की ते कुलूप पुन्हा वापरता येत नाही.”

“मग नका वापरू,” असे म्हणून ती स्टूल ओढून जवळच बसली.

मास्तरांनी घसा साफ केला. शिंपल्याला आणि नाइलाजाने बायकोला ते सांगू लागले: “तू लहान होतीस. तुला निरोपघर दाखवायला नेलं होतं. शिंपले तपासायची मौनखोली असते, आतला आवाज बाहेर जात नाही. मी बसवलेली कडी किती पक्की आहे ते दाखवायला मी आत गेलो आणि दार ओढून घेतलं. कडी बाहेरून पडली. तुझा हात पोचेना. तुझ्याकडे खेळायला दिलेलं एक बिनकुलपाचं अर्धुक होतं, दुसरं माझ्या खिशात. तू म्हणालीस, कोणाला तरी बोलावते. मी म्हटलं, नको, हसतील. झाडूवाल्या मावशी येईपर्यंत तू दाराशी बसून राहिलीस. मध्ये मी... मी रडलो. तू म्हणालीस, कोणाला सांगणार नाही.”

बायकोने पदर तोंडाशी धरला होता. तिचे खांदे हलत होते.

“आणि मावशींना काय सांगितलंत?” तिने कसेबसे विचारले.

“तपासणी चाललीय म्हणून.”

“आणि ती?”

“तिनं मान डोलावली. अगदी गंभीरपणे.”

ज्या माणसाने राज्याची गुपिते राखल्याचा अभिमान बाळगला, त्याचे एकमेव खरे गुपित एका पोरीने राखले होते, तेही कसल्याच कुलपाविना. हा विचार मास्तरांना पुरता पचायच्या आत शिंपला तळहातावर ऊबदार झाला. राखी थर मात्र तसाच राहिला.

“बाबा?” पलीकडून आवाज आला. “फार वेळ लावलात. आत सगळं ठीक आहे ना?”

हेच तिने तेव्हाही विचारले होते. मास्तरांनी उत्तरासाठी एक मोजूनमापून बांधलेले वाक्य तयार ठेवले होते. त्यात क्षमा, कर्तव्य आणि बोटीची वेळ, तिन्ही होती. त्यातला एकही शब्द बाहेर पडेना.

बायकोने त्यांच्या हातातला शिंपला स्वतःकडे वळवला.

“रडताहेत,” ती म्हणाली. “तू ये. धक्क्यावर आणते त्यांना. मी कोणाला सांगणार नाही.”