पाय न पडलेला वाफा

मन्मथअप्पा शेटे यांची आणि माझी पहिली भेट वाळूच्या ढिगापाशी झाली. बीडला तेव्हा कापसाची शेतं मोडून नवे प्लॉट पडत होते, चौकाचौकात एसटीडीचे पिवळे बूथ लागत होते. घर बांधून उरलेली वाळू मी अंगणातल्या काळ्या मातीत कालवत होतो. चिकट माती वाळूनं मोकळी होईल, असा माझा अंदाज. शेजारच्या प्लॉटचे किराणा दुकानदार अप्पा कुंपणाशी थांबले, घटकाभर बघून म्हणाले, "साहेब, घर झालं न्हवं? मग विटा कावून पाडायलात?"

मला रागच आला. ओळख ना पाळख! पण उन्हाळ्यात ती माती अशी आवळली की कुदळ टणकन वर उडायची. मग मीच गुमान त्यांच्या दुकानात गेलो.

खरं तर बागेचा मला एवढा सोस नव्हता. प्रश्न आईचा होता. वडील गेल्यावर तिला शिरूर कासारहून इकडे आणलं होतं. तिकडे तिच्या परसात दोडका, गवार, शेवंती असायची. इथं लावलेलं पावसाळ्यात सडायचं आणि उन्हाळ्यात भेगांत वाळायचं. तुळससुद्धा तगेना. मला गावाकडं नेऊन घाल, हा तिचा रोजचा धोशा. गावी आमच्या आळीतली माणसं दिवाळी झाली की ऊसतोडीला जातात, मागं उरतात कुलपं. अशाच दिवसांत एकदा ती न्हाणीत पडली होती आणि दुपारपर्यंत कुणाला पत्ता नव्हता. पुन्हा तसं झालं तर काय, या विचारानं माझा जीव टांगणीला लागायचा. दिवाळीपर्यंत राहते, मग जाते, एवढीच मुदत तिनं मला दिली होती.

अप्पांनी गूळ तोलता तोलता हे सगळं ऐकून घेतलं. उपदेश थोडक्यात केला. माती मुठीत दाबायची. चिकट गोळा झाला तर खुरपं ठेवून द्यायचं, दाबून सोडल्यावर भुरभुरली तर वाफसा आला समजायचं आणि मगच खणायचं. शेणखत, तुरीचा भुसा आणि कडुलिंबाचा पाला मिसळून वीतभर उंच गादीवाफा करायचा. आणि त्यावर कुणीही पाय द्यायचा नाही, कारण काळी माती ओली असताना तुडवली की दगड होते. वाळू न कालवलेल्या बाजूला आम्ही वाफा केला. पाय द्यायचा नाही, हे मात्र आमच्या घरात कुणी मनावर घेतलं नाही. मी स्वतः गवत काढायला मधोमध जाऊन बसायचो. नळाचं मीटर बघायला येणाऱ्याची वाटही वाफ्यावरूनच.

श्रावणात महादेवाच्या देवळात बेलाचे ढीग लागत. ते निर्माल्य जुन्या विहिरीत पडायचं आणि पाणी नासायचं. अप्पांनी गुरवांना गाठून, समजावून, ते दुकानाच्या पोत्यांत भरून आणायला सुरुवात केली. गिऱ्हाईक नसेल तेव्हा गल्ल्यावर बसून हारांतले दोरे आणि जरीचे धागे काढत. पहिलं पोतं त्यांनी आमच्या वाफ्यात खत म्हणून पुरायला आणलं, तर आई कडाडली. देवाचं निर्माल्य पायदळी तुडवता व्हय? अप्पांनी चपला काढल्या, हात जोडले आणि म्हणाले, "आक्का, पायदळी कावून? जिथं हे पुरलं तिथं कुणी पाय देयाचा न्हाई. बघणं तुमच्याकडं लागलं."

त्या दिवसापासून आई काठी घेऊन ओट्यावर. मीटरवाल्याला तिनं घराला वळसा घालायला लावला. मला, सख्ख्या लेकाला, चप्पल दाखवली. दिवाळीच्या आत वाफ्यातल्या मातीत मनगटापर्यंत हात जायला लागला आणि शेवंतीला कळ्या धरल्या. निर्माल्याच्या खतात भारी ताकद आहे, असं मी अप्पांना म्हणालो. ते हसले. खत आहेच, म्हणाले, पण निम्मं काम पाय थांबले म्हणून झालं. म्हणजे आईला गंडवलंत की, असं मी थट्टेनं म्हणालो, तर अप्पांचा चेहराच उतरला. निर्माल्याला पाय लावू नये हे त्यांना स्वतःला मनापासून पटतं. जे स्वतः पाळत नाहीत ते अप्पा दुसऱ्याला कधी सांगत नाहीत, हे मला त्या दिवशी कळलं.

भाऊबीज झाली आणि ठरल्याप्रमाणे चुलतभाऊ आईला न्यायला आला. पिशवी भरलेली होती. आई वाफ्यापाशी जाऊन उभी राहिली, मग त्याला म्हणाली, "तू जा बाबा. हितं कुणी न्हाई बघायला." मी आत जाऊन रडलो. त्यात लाज कसली?

पुढं आमच्या वसाहतीत घरोघरी असे वाफे झाले. अप्पांनी कुणाला नाही म्हटलं नाही, आणि श्रेय कधी घेतलं नाही. पोती मात्र परत मागत.

आज अप्पांच्या अमृतमहोत्सवासाठी हे लिहिताना मी आईला विचारलं, तुझ्याकडून काय लिहू? ती अप्पांहून वयानं मोठी, आशीर्वादाचा मान तिचाच. अप्पांना उत्तम आरोग्य लाभो, त्यांच्या हातून अशीच माती मोकळी होत राहो, ही आम्हा सर्वांची प्रार्थना. आईचा आशीर्वाद मात्र तिच्याच शब्दांत देतो: "माझ्या माघारी लई दिवस राहा म्हणावं अप्पाला. मी गेल्यावर माझ्या लेकाकडं कोण बघंल?"