गुरुवारी सात वाजता

गेवराईच्या जुन्या बाजारात पाशाभाईंचं टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं. दुरुस्त होऊनही ज्यांचे मालक फिरकले नाहीत, असे दोन संच त्यांनी पुढच्या फळीवर मांडले आणि त्यांना कॅसेटचे व्हिडिओ गेम जोडले. शाळा सुटली की पोरं तिथं गोळा व्हायची. पाशाभाईंचा मुलगा तन्वीर स्वतः फारसा खेळत नसे. खेळणाऱ्याच्या पाठीमागं उभा राहून तो बोलायचा. "आता वळला, आता उडी मारतोय, अरे गेला बे, गेला!" कोण खेळतंय यापेक्षा तन्वीर काय बोलतोय हे ऐकायला माणसं थांबत. उसाच्या रसाचा ग्लास हातात धरून मोठी माणसंही थांबत.

पुढं तो औरंगाबादला पत्रकारिता शिकला आणि पुण्याच्या एका वर्तमानपत्राच्या पुरवणीत नव्या गेमवर लिहू लागला. चांगलं लिहायचा. गेम कुठं रेंगाळतो, कुठं खेळणाऱ्याला फसवतो, कुठं नुसता खिसा रिकामा करायला बसवलाय, हे पूर्ण खेळून मगच सांगायचा. कंपन्या बाजारात येण्याआधी गेम पाठवायच्या आणि ठरल्या दिवसापर्यंत तोंड उघडायचं नाही अशी अट घालायच्या. ती तो पाळायचा. मग एका मराठी चॅनलनं त्याला दर गुरुवारी संध्याकाळी सातचा अर्धा तास दिला. कार्यक्रमाचं नाव 'नवा डाव'. निळा कोट, हातात कंट्रोलर, मागं रंगीत दिवे. तिथं त्याच्या तोंडून 'लई' कधी निघालं नाही. कॉलेजांमधून मोबाइल गेमच्या स्पर्धा होत, तिथंही तो माइक घेऊन जाई आणि हरलेल्या पोरांना हसत विचारी, "काय वाटतंय तुम्हाला?"

पुण्यात कुणी त्याच्या कामाला पोरखेळ म्हटलं तर तो तासभर भांडायचा. गेवराईत मात्र त्याची जीभ जड व्हायची.

त्याची आई रहिमाबी मनियारीण. डोक्यावर बांगड्यांची पाटी घेऊन ती गोदाकाठची गावं फिरायची. कुणाच्या लग्नाचा चुडा, कुणाच्या डोहाळजेवणाच्या हिरव्या बांगड्या, सगळं तिच्या हातचं. बांगड्या भरून झाल्या की नवरी त्या भरल्या हातांनी तिच्या पाया पडायची आणि रहिमाबी तिच्या कपाळावरून बोटं फिरवून कडाकडा मोडायची. मुलगा काय करतो, असं गावोगाव विचारत. तन्वीरनं तिला एकदा घरातल्या दख्खनी बोलीत सांगितलं होतं, "टीवी पे आता मैं. गेम की खबरां देता." त्यातलं टीव्ही आणि खबरा एवढं तिनं उचललं. "माझा तन्वीर टीव्हीवर बातम्या देतो," ती बायांना सांगायची. पाशाभाई गेल्यावर घरातला टीव्ही तिनं पुन्हा लावला नव्हता. बायांच्या घरी सात वाजता मालिका चालायच्या. ज्या पोरांना खरं माहीत होतं, ती तिच्यासमोर गप्प बसायची.

तन्वीरही गप्प बसला. एकदा सुट्टीत आला असताना एका गावच्या हेडमास्तरांनी त्याला खुर्ची दिली आणि शाळेच्या पडक्या भिंतीची तक्रार सांगितली. तो मान हलवत ऐकत राहिला. 'बघतो' म्हणाला. निघताना त्याला बरं वाटत होतं, आणि हे बरं वाटणं काही बरं नाही, हेही कळत होतं.

गेल्या रमजान ईदला तो बीडच्या एका कॉलेजातली स्पर्धा उरकून घरी आला. कॅमेरामन पुण्याला परतला होता. कार्यक्रमाचा माइक तन्वीरच्या बॅगेतच राहिला होता.

ईदच्या तिसऱ्या दिवशी रहिमाबी घाईघाईनं घरात शिरली. नदीकाठच्या एका गावातले राधाकिशन म्हैस धुवायला गेले आणि बुडाले. वाळू उपसणाऱ्यांनी नदीत खड्डे केले होते. त्यांची बायको विमलबाई सगळ्या गावाला घेऊन हायवेवरच्या फाट्यावर बसली होती. गुन्हा नोंदवा आणि वाळूचे हायवा ट्रक बंद करा, एवढंच मागणं. टीव्हीवाले आल्याशिवाय रस्ता सोडायचा नाही असं ठरलेलं.

"मैं बोली, मेरा बेटा है ना," रहिमाबी दम टाकत म्हणाली. "चल बेटा. विमल का शादी का चूडा मैंच भरी थी."

आईला मोटरसायकलवर मागं बसवून तो निघाला. वाटेत सांगायचं असं त्यानं ठरवलं. शहर संपलं की सांगू. मग, पेट्रोल पंप गेला की सांगू. आई मागून बोलत होती, विमल सासरी आली तेव्हा कशी घाबरट होती आणि तिच्या सासूनं कशा दोन बांगड्या जास्त मागितल्या होत्या. तो ऐकत राहिला. बीडला आपल्या चॅनलचा जिल्हा प्रतिनिधी आहे, हेही त्याला आठवलं. एक फोन केला असता तर तासाभरात तो कॅमेरा घेऊन आला असता. पण मग फाट्यावर आपण कोण म्हणून उभं राहायचं?

त्यानं फोन केला नाही.

फाट्यावर ट्रकांची रांग लागली होती. तन्वीरनं बॅगेतून माइक काढला मात्र, बसलेली माणसं उठून बाजूला झाली. "टीव्ही आली, टीव्ही आली." बंदोबस्तावरच्या साहेबांनी त्याला 'या सर' म्हटलं. उत्तरेश्वर नावाचा तरणा गडी आंदोलनाचा पुढारी होता. तो लोकांना मागं सारत ओरडला, "अय, सरका बे! फोटोत येण्यासाठी मरू नका. काकूला पुढं घ्या."

विमलबाई पुढं आल्या. हात मोकळे होते. तन्वीरनं मोबाइल उत्तरेश्वरच्या हातात दिला, कसा धरायचा ते दाखवलं आणि माइक पुढं केला. इतक्या वर्षांच्या सवयीनं तोंडातून प्रश्न निघाला.

"काय वाटतंय तुम्हाला?"

विमलबाई त्याच्याकडं बघत राहिल्या. मग बोलल्या. "रोज त्याच जागी म्हैस धुवायचे. गुडघाभर पाणी असतंय तिथं. कुणी वाळू काढली, खड्डा केला. वरून पाणी सारखंच दिसतंय की हो. म्हैस निघाली वर. हे न्हाई निघाले." त्यांनी पदरानं तोंड पुसलं. "खड्डा कुणी केला ते समद्या गावाला ठावं हाय. लिहून घ्या म्हनावं."

"कधी दिसंल हे?" उत्तरेश्वरनं विचारलं.

"गुरुवारी सात वाजता," तन्वीर म्हणाला.

दुसरी कुठली वेळ त्याला ठाऊकच नव्हती. हे तोंडातून गेल्यावर मागं घेता आलं असतं. आई गर्दीत उभी होती आणि बाया तिचा हात हातात घेत होत्या. त्यानं मागं घेतलं नाही. थोड्या वेळात रस्ता मोकळा झाला. साहेबांनी त्याला चहा पाजला. दुसऱ्या दिवसापासून हायवा पुन्हा नदीत उतरू लागले.

पुण्याला त्यानं ते रेकॉर्डिंग बातम्यांच्या विभागात नेलं. तिथल्या प्रमुख सुनिता यांनी ते शेवटपर्यंत पाहिलं.

"बाई खरं बोलतेय," त्या म्हणाल्या. "पण यात दुसरी बाजू कुठंय? तहसीलचं म्हणणं? पंचनामा? आणि हा माइक बघ. वर 'नवा डाव' लिहिलंय, बाजूला बटणांचं चित्र. हे मी बातम्यांत दाखवू? आपल्या बीडच्या माणसाला फोन का नाही केलास?"

सुनितांनी त्याच्यासमोरच बीडला फोन लावला. तिकडून उत्तर आलं, आंदोलन मिटलं, आता कॅमेरा कशावर लावू? पुन्हा काही झालं तर कळवा.

ते त्याला आईला सांगता आलं असतं. तसे दिवस होते हातात. मंगळवारी आईचाच फोन आला, तेव्हा त्यानं पुण्यातल्या उकाड्याचं सांगितलं.

बुधवारी नेहमीप्रमाणे शूटिंग झालं. गेम होता एका योद्ध्याचा. डोंगराएवढे राक्षस मारणारा गडी पाण्यात पाय पडला की मरायचा. संहिता तन्वीरनंच ईदच्या आधी लिहून ठेवलेली. त्यानं कंट्रोलर उंचावला आणि कॅमेऱ्याकडं बघून म्हणाला, "एवढी तलवार फिरवतो, आणि गुडघाभर पाण्यात बुडतो! राव, याला आधी कुणीतरी पोहायला शिकवा!" कॅमेऱ्यामागची माणसं हसली. तोही हसला.

गुरुवारी कार्यक्रम लागला तेव्हा तो ऑफिसच्या कॅन्टीनमध्ये बसला होता. भिंतीवरच्या टीव्हीतून ते वाक्य आलं आणि तेव्हा कुठं त्यानं ते ऐकलं. हातातला वडा त्यानं ताटलीत ठेवला. आजूबाजूला कुणाचंच लक्ष नव्हतं. त्याला वाटलं, कुणी तरी आपल्याकडं बघावं आणि चार शिव्या द्याव्यात.

शिव्या द्यायला उत्तरेश्वरचा फोन आला, पण त्यानं शिव्या दिल्या नाहीत.

"तन्वीरभाई, बघितला बरं का तुमचा प्रोग्राम. कोट लई भारी हाय."

"उत्तरेश्वर, ऐक ना..."

"आमी ऐकलं की. समद्या गावानं ऐकलं. पारावर टीव्ही आणून लावला व्हता. तुमच्या आईला पुढं बसवलं व्हतं, विमलकाकूच्या शेजारी." मग तो म्हणाला, "पोहायला शिकवा म्हनं. बरं सांगितलं. आता शिकतो आमी."

आठवड्यानं तन्वीर गेवराईला आला. आईची पाटी कोपऱ्यात होती, त्यावर कापड टाकलेलं. ती नदीच्या बाजूला जात नाही, हे त्याला शेजारणीकडून कळलं. रहिमाबी ओरडली नाही. तिनं त्याला जेवायला वाढलं आणि समोर बसली.

"इत्ती बात बोलनेकू क्या हुआ था तेरेकू?" ती म्हणाली. "गेम तो गेम. तेरे अब्बा के दुकान पे भी गेमच थे. उसमें क्या शरम थी?"

एवढी वर्षं त्याला वाटत होतं की आपण आईची लाज राखतोय. तिला लाज वाटतच नव्हती. ती सगळी त्याची एकट्याची होती, आणि आता ती त्यानं आईच्या डोक्यावर दिली होती, बांगड्यांच्या पाटीच्या जागी. त्यानं ताट पुढं सरकवलं. तो उठला आणि एकटाच त्या गावी गेला.

विमलबाई ओसरीवर तूर पाखडत होत्या. त्यांनी त्याला बस म्हटलं नाही, जा म्हटलं नाही. तो पायरीपाशी उभा राहिला.

"काकू, मी बातम्यांचा माणूस न्हाई," तो म्हणाला. कितीतरी वर्षांनी त्याच्या तोंडी गावची भाषा आली, आणि तीही आता मतलबी वाटली. "मी गेमबद्दल सांगतो टीव्हीवर. त्या दिवशी मला ठावं व्हतं, हे लागणार न्हाई."

"ठावं व्हतं?"

"व्हतं. आईला ठावं नव्हतं."

सूप थांबलं. "मग तवाच कावून न्हाई सांगितलं? आमी उठलो नसतो रस्त्यावरून. दोन दिस बसलो असतो, चार दिस बसलो असतो. दुसरं कुणी आलं असतं. तुझ्या माइककडं बघून उठलो आमी."

त्याला सांगायचं होतं की मला लाज वाटत होती. पण नवरा बुडालेल्या बाईसमोर हे कारण काढायचं कसं?

"हाय का ते, माझं बोललेलं?" विमलबाईंनी विचारलं.

"हाय."

"लाव."

त्यानं मोबाइल पुढं धरला. पहिल्यांदा त्याचाच आवाज आला, गोड, हसरा. काय वाटतंय तुम्हाला. विमलबाईंनी स्वतःचा चेहरा शेवटपर्यंत पाहिला. आतून सून येऊन दाराशी उभी राहिली. तिचे दिवस भरत आले होते.

"हे उत्तरेश्वरच्या मोबाइलमदी घाल," विमलबाई म्हणाल्या. "त्यो बीडला नेतो म्हनतो, वकिलाकडं. पर तुझा आवाज काढून टाक त्यातला. माझंच ठेव."

"काढतो."

"आन् रहिमाबीला सांग, ये म्हनावं. सूनबाईच्या डोहाळजेवणाचा चुडा ऱ्हायलाय. घरात दुःख हाय, पर पोरीचे हात तसेच ठेवू का? तिच्याच हातनं भरायचाय." त्यांनी सूप पुन्हा उचललं. "तिनं शब्द दिलता, तिनं पाळला. तुला घेऊन आली. पुढचं तिच्या हातात नव्हतं. तू मात्र येऊ नको. तू दिसला की मला ते पाण्याचं ऐकू येतं."

घरी आल्यावर त्याच्या मनात आलं, आईला फक्त पहिलं सांगावं. ये म्हटलंय, एवढंच. ती आनंदानं जाईल. तेवढ्यात त्याच्या ध्यानात आलं की आपण पुन्हा तेच करायला निघालोय. त्यानं दोन्ही सांगितलं, विमलबाईंच्या शब्दांत.

रहिमाबीनं कापड काढून पाटीतल्या बांगड्या पाहिल्या. "बराबर बोली," ती म्हणाली.

सकाळी त्यानं तिला मोटरसायकलवरून फाट्यापर्यंत नेलं. तिनं उतरून डोक्यावर चुंबळ ठेवली, त्याच्या हातून पाटी घेतली आणि गावाच्या वाटेला लागली. मागून वाळूनं भरलेला हायवा आला. रहिमाबी एका हातानं पाटी धरून कडेच्या बाभळीला टेकून उभी राहिली. हायवा गेल्यावर धुळीत ती दिसेनाशी झाली, मग पुन्हा दिसली. तन्वीरनं मोटरसायकल सावलीत लावली आणि ती परत येईपर्यंत तो फाट्याच्या अलीकडंच उभा राहिला.