सोयूझच्या खुर्चीतली पाठ

नवऱ्याच्या सॉफ्टवेअरच्या नोकरीमुळे आम्ही इंग्लंडमध्ये मेडनहेडला आलो आणि माझं नागपूरचं फिजिओथेरपीचं शिक्षण इथे मान्य व्हायला बराच काळ गेला. शेवटी जी नोकरी मिळाली तिची मी कधी कल्पनाही केली नव्हती. जवळच्या एका हॉस्पिटलात, कायम व्हीलचेअरमध्ये बसणाऱ्यांसाठी त्यांच्या अंगाच्या मापाच्या सीट बनवायच्या. पाठ वाकडी असेल, कंबर एका बाजूला कललेली असेल, तर दुकानातली सपाट सीट उपयोगाची नसते. हाड टेकतं तिथे कातडी लाल होते, मग जखम होते, आणि एकदा जखम झाली की माणूस महिनोन्महिने अंथरुणात.

आमची पद्धत अशी होती: थर्माकोलच्या बारीक मण्यांनी भरलेल्या मोठ्या रबरी पिशवीत माणसाला बसवायचं, दोन्ही हातांनी पिशवी त्याच्या अंगाशी दाबत न्यायची आणि पंपाने आतली हवा ओढून घ्यायची. मऊ पिशवी दगडासारखी घट्ट होते. माणसाला उचललं की त्याच्या पाठीचा ठसा मागे उरतो. त्यावर प्लास्टर, आणि त्या प्लास्टरवरून सीट.

२००८च्या जानेवारीत एक बाई आल्या. साठीच्या पुढच्या, लहानपणी पोलिओ झालेला, मणका नदीच्या वळणासारखा वाकलेला. आयुष्यभर शाळेत फिजिक्स शिकवलेलं, म्हणून मी मनातल्या मनात त्यांना 'बाई' म्हणू लागले. त्यांच्या उजव्या कुल्ल्यावर जुनी जखम पुन्हा डोकं वर काढत होती. त्यामुळे तासाभरापेक्षा जास्त त्यांना बसवत नसे. शिकवण्या बंद झाल्या होत्या, बाहेर जाणं बंद झालं होतं.

पिशवीत बसवून मी त्यांच्या बरगडीखाली मणी सारत होते, तेव्हा त्या छताकडे बघत म्हणाल्या, "हे असं आणखी कोणाकोणाला करतात, माहिती आहे तुम्हाला?"

"मोटारींच्या शर्यतीतल्या ड्रायव्हरना करतात म्हणे," मी म्हटलं.

"त्यांनाही. पण मी म्हणतेय ते रशियन अंतराळवीर. सोयूझमधून जाणारे. आधी त्यांना ओल्या प्लास्टरच्या टबात निजवतात."

पेशंटला अवघडल्यासारखं झालं की तो काहीतरी बोलत राहतो, तसंच हे असणार असं मला वाटलं. मी नुसतं "हो का?" म्हटलं. त्यांना ते कळलं असावं.

"नुसतं 'हो का' नको. का करतात, ते विचारा."

"का करतात?"

मग हवा ओढली जात असताना, अजिबात हलायचं नसताना, फक्त ओठ हलवत त्यांनी मला सोयूझ समजावून सांगितलं. पुढे एक गोळा, मध्ये एक घंटा, मागे एक डबा. गोळ्यात राहायचं, डब्यात इंजिन, आणि त्याला उन्हावर वीज करणारे पंख. परत येताना गोळा आणि डबा दोन्ही सोडून द्यायचे, ते हवेत जळून जातात. जमिनीवर परत येते ती फक्त मधली घंटा. त्यात तीन माणसं पाठीवर आडवी, गुडघे छातीशी घेऊन. पॅराशूट उघडतं, जमीन जेमतेम हाताच्या अंतरावर आली की तळाची छोटी रॉकेटं पेटतात, आणि तरीही जो धक्का बसतो तो मोटारीच्या अपघातासारखा.

"त्या वेळी पाठ आणि सीट यांच्यात पोकळी राहिली तर?" त्यांनी वर्गातल्यासारखं विचारलं.

"मणका," मी म्हटलं.

"बरोबर. म्हणून प्लास्टर."

माझे हात त्यांच्या पाठीमागेच होते. पोकळी शोधणं हेच तर माझं दिवसभराचं काम.

त्या दिवशी घरी जाताना मला आठवलं की आपला पहिला अंतराळवीर याच यानातून गेला होता. मी तेव्हा शाळेत होते. शेजाऱ्यांच्या टीव्हीसमोर दाटीवाटीने बसून आम्ही त्याला बघितलं होतं. त्याचीही पाठ कुणीतरी अशीच घेतली असणार. चोवीस वर्षं होत आली त्याला, आणि तेच यान अजून जा-ये करत होतं. नवऱ्याला सांगितलं तर तो म्हणाला, "अगं, साठच्या दशकातलं डिझाइन आहे ते. आमच्याकडे पाच वर्षांपूर्वीचा कोड कुणाला वाचता येत नाही."

आमच्याकडे साच्यावरून सीट बनून यायला खूप वेळ लागतो. मधल्या काळात बाई मोजमापं तपासायला येत राहिल्या आणि दर वेळी थोडं थोडं सांगत राहिल्या. माणूस घेऊन केलेल्या पहिल्याच उड्डाणात पॅराशूट उलगडलं नाही आणि एकटा गेलेला अंतराळवीर मरण पावला. चार वर्षांनी तिघेजण परतले, यान अगदी व्यवस्थित उतरलं, झाकण उघडलं तर तिघेही गेलेले. वरच एक झडप उघडून हवा निघून गेली होती, आणि जागा नाही म्हणून त्यांना अंगाभोवती हवा धरून ठेवणारे प्रेशर सूट दिलेले नव्हते.

"मग?" मी विचारलं.

"मग त्यांनी एक सीट काढून टाकली. दोघेच जायचे, पण सूट घालून. कितीतरी वर्षं. आतली यंत्रं लहान होत गेली तेव्हा कुठे तिसरी सीट परत आली." मग त्या म्हणाल्या, "तेव्हापासून त्यात कुणाचा जीव गेलेला नाही. आकार तोच ठेवला. जे चुकलं तेवढंच बदललं."

हे त्या ज्या आवाजात म्हणाल्या, तो मी आमच्याकडे देवळात ऐकलेला आहे.

एप्रिलमधल्या एका शनिवारी सकाळी मी आणि नवरा कॉम्प्युटरसमोर चहा घेऊन बसलो होतो. सोयूझ परत येणार होतं. आत एक रशियन पुरुष, एक अमेरिकन बाई आणि एक कोरियन तरुणी. ठरलेली वेळ आली आणि गेली. पडद्यावर कंट्रोल रूम, पाठमोरी माणसं, आणि काहीच नाही. चहा गार झाला. नवरा म्हणाला, "मागच्या वेळीसुद्धा हे तिरपं तरंगत यायचं सोडून सरळ खाली आलं होतं, दगडासारखं." मला एकदम त्या तीन सीट डोळ्यांपुढे आल्या. टीव्हीवर अंतराळवीर हसताना बघितले होते, हात हलवताना बघितले होते. त्यांच्या पाठीचा विचार मी पहिल्यांदाच करत होते. घट्ट बसली असेल ना? कुठे पोकळी नसेल ना?

बऱ्याच वेळाने बातमी आली. कझाकस्तानच्या माळावर, ठरल्या जागेपासून खूप दूर उतरले होते. तिघेही जिवंत. मी नवऱ्याचा हात इतका आवळून धरला होता की तो म्हणाला, "सोड आता, पोचले ते."

पुढच्याच आठवड्यात बाईंची सीट आली आणि त्या फिटिंगला आल्या. मी त्यांना बसवत असताना त्यांनी उरलेली गोष्ट सांगितली. मागचा डबा वेळेवर सुटलाच नव्हता. त्यामुळे घंटेची जाड, उष्णता सोसणारी बाजू खाली यायच्या ऐवजी पातळ झाकणाची बाजू पुढे होऊन यान हवेत शिरलं. अखेर त्या तापाने आणि ओढीने डबा सुटला, आणि घंटा आपोआप वळून सरळ झाली.

"कुणी वळवली?"

"कुणीच नाही. वजन तळाकडे ठेवलंय आणि आकारच तसा आहे. हवेत पडू दिली की ती तळ खाली करून पडते." त्यांचे डोळे भरून आले होते. "चाळीस वर्षांपूर्वी कागदावर पेन्सिलीने काढलेली ती रेघ. ती काढणारे बहुतेक सगळे आता या जगात नाहीत. आणि शनिवारी तिने तीन माणसं वाचवली."

मी गुडघ्यांवर बसून त्यांच्या कुल्ल्याखाली बोटं सरकवून बघत राहिले. सगळीकडे सारखा दाब होता.

जखम हळूहळू भरली. जुलैत त्या म्हणाल्या, लेस्टरला अंतराळाचं संग्रहालय आहे, तिथे सोयूझ बघता येतं, आणि तिथवर जायचं त्यांच्या मनात कित्येक वर्षं आहे. मॅनेजर म्हणाली, लांबच्या प्रवासात सीट कशी वागते ते बघणं आपलंच काम आहे, तूही जा. बाईंची घरी देखभाल करणारी केअरर, एक हसरी पोलिश मुलगी, व्हॅन चालवत होती. मोटरवेवर प्रवाशांसाठीच्या दर थांब्याला थांबून मी त्यांना मागे कलवून दाब काढत होते आणि त्या कुरकुरत होत्या, "उशीर होतोय."

आत गेलो आणि ते समोर आलं. माझ्या मनातलं यान पांढरंशुभ्र, चकचकीत होतं. हे हिरवट राखाडी, टाके घातलेल्या गोधडीत गुंडाळल्यासारखं. कडेला शिवण दिसत होती, कुठे कुठे गाठ मारलेली. कुणाच्या तरी हातांनी सुईदोरा घेऊन शिवलेली ती गोधडी अंतराळाच्या थंडीत जाणार होती. आणि ती घंटा! तीन मोठी माणसं तिच्यात? आमच्या बाथरूमएवढीसुद्धा नव्हती. बाई खुर्ची थांबवून खालून वर बघत राहिल्या. त्यांच्याकडे बघण्याचं मी टाळलं. ते त्यांचं एकटीचं होतं.

बाजूच्या काचेच्या पेटीत एक सीट ठेवली होती. पांढरी, आतून एका माणसाच्या आकाराची. मी वाकून बघितलं आणि माझे हात काचेवर गेले. डावा खांदा उजव्यापेक्षा किंचित खाली. कमरेची पोकळी खोल. पाठीचा कणा एका ठिकाणी जरासा उजवीकडे झुकलेला, त्या माणसाला स्वतःलाही कधी कळलं नसेल इतका. साचा घेणाऱ्याला मात्र तो कळला होता आणि त्याने तो तसाच ठेवला होता, सरळ केला नव्हता. डोक्याच्या वर थोडी जागा मोकळी सोडलेली.

"ही जागा कशाला?" मी विचारलं.

"वर गेल्यावर मणका लांबतो," बाई म्हणाल्या. "माणूस गेला त्यापेक्षा उंच होऊन परत येतो. त्याच्यासाठी."

मी तिथेच उभी राहिले. रशियात कुठेतरी एका खोलीत, माझ्यासारखंच कुणीतरी गुडघ्यांवर बसून, ओल्या प्लास्टरने भरलेल्या हातांनी हे केलं होतं. माणूस परत येईल, आणि येताना उंच होऊन येईल, हे आधीच धरून. त्या व्यक्तीचं नाव पाटीवर नव्हतं. तिची भाषा मला येत नाही. पण तिने बोटं कुठे कुठे दाबली असतील ते मी दाखवू शकले असते.

पोलिश मुलगी कॉफी घेऊन आली आणि म्हणाली, "तुम्ही दोघी रडताय का?"

"नाही," बाई म्हणाल्या. "आम्ही बघतोय."

दुसऱ्या दिवशी क्लिनिकमध्ये मी त्यांची कातडी तपासली. कुठेही लाली नव्हती. सप्टेंबरात त्या बहिणीकडे कॉर्नवॉलला गेल्या, त्याहूनही लांब. परत आल्या त्या तक्रार घेऊन: पाय ठेवायची पट्टी बोटभर उंच आहे, आत्ताच्या आत्ता खाली करा. मी पाना घेतला आणि खाली बसले.