चौकीवरची काजळी

कुठल्याही जुन्या भिंतीजवळ गेल्या की ताई आधी दोन्ही हात पाठीमागे बांधायच्या. म्युझियममध्ये, देवळात, आमच्या ब्लॉकच्या जिन्यातसुद्धा. "हात लावला की पुरावा आपला होतो," म्हणायच्या. "आपला झाला की संपला."

तुम्हीही त्यांना पाहिलं असणार. क्लेमेंटीच्या हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या ठेल्यांच्या गर्दीत, भर दुपारी सुती कुडता नि चिखलाचे बूट घालून बसणारी बाई दुसरी कोण? मूळच्या सातारच्या. युनिव्हर्सिटीत करारावर आलेल्या, जवळच एक खोली भाड्याने घेतलेली. विषय काय, तर रोमन सैन्याच्या सीमेवरच्या चौक्या. मराठी मंडळाच्या जेवणात कुणी ना कुणी हसून विचारायचंच, "रोमन? सिंगापुरात?" ताई शांतपणे श्रीखंड वाढून घ्यायच्या. "सीमा सगळीकडे असते हो. तुमचा इथे राहायचा पास कधी संपतो?"

माझी त्यांची ओळख भांडणातून झाली. आमच्या वस्तीमागे जुन्या लष्करी छावणीची पहाऱ्याची चौकी उभी होती. एक खोली, एक खिडकी, गळकं छप्पर. ती पाडून रस्ता रुंद करायचं ठरलं आणि मी पेटले. पत्रकं लिहायला मी पुण्यात, कॉलेजात शिकले: एक अन्याय, एक फोटो, तीन वाक्यं. आता फोटोसाठी चौकी देखणी नको? आतल्या भिंती तर काळ्याकुट्ट. आम्ही दहा-बारा जणांनी रीतसर परवानगी काढून दोन शनिवार तारेच्या ब्रशने त्या घासल्या. विटा लखलखायला लागल्या. मग चौकी वाचवायच्या अर्जाला तज्ज्ञाचं पत्र जोडायचं म्हणून मी ताईंना घेऊन गेले.

त्या दारातच थांबल्या.

"धुतलंत?"

"घासलं!" मी अभिमानाने सांगितलं. "केवढी घाण होती, तुम्हाला कल्पना नाही."

"घाण नव्हती बाळा ती. काजळी होती. पहाऱ्याच्या चौकीत चूल कोण पेटवतं?"

त्या उंबऱ्यावरच बसल्या. "विद्वान लोक म्हणत राहिले, रोमन बराकीत फक्त सैनिक राहायचे. मग तिथल्या चिखलातून बूट निघाले. एवढेसे." त्यांनी बोटांनी माप दाखवलं. दोन वर्षांच्या पोराचं पाऊल असेल. "पहारा असतो तिथे संसारही असतो. तुझ्या चौकीत कुणाचा तरी होता. तो तुम्ही घासून काढलात."

मला राग आला. पाडणार दुसरे, आणि बोलणी आम्ही खायची!

पण ताई दर शनिवारी यायला लागल्या. ओळंबा, दोरी, ग्राफ पेपर. मागच्या भिंतीवर विजेची गंजकी पेटी होती, तिच्या मागे वीतभर काजळी वाचली होती. त्या वितीएवढ्या काळ्या पट्ट्यासमोर बाई अख्खी सकाळ बसली. मी आपली कोपी, म्हणजे इथली दाट कॉफी, नेऊन देत होते.

हॉकर सेंटरमधल्या कोपीवाल्या आंटीनेच एकदा विचारलं, "दर शनिवारी दोन कप नेतेस कुठे?"

"मागच्या चौकीत."

"गार्ड हाउस?" तिने किटली खाली ठेवली. "माझा जन्म तिथला, लाह." इथल्या बोलीतलं ते "लाह" तिच्या वाक्याला लागायचंच.

छावणी उठली तेव्हा तिच्या वडिलांना राखणदार म्हणून मागे ठेवलं होतं. त्या एका खोलीत सात माणसं. आई मागच्या भिंतीशी रांधायची.

मी धावतच ताईंकडे गेले. धावता धावता पत्रकाचा मथळाही जुळवला. ताईंनी सगळं ऐकून घेतलं.

"आंटींचं सांगणं पत्रात लिहीन. तुम्ही भिंत घासली तेही लिहीन."

"ते कशाला? तेवढं गाळा ना! ते म्हणतील, पुरावाच नाही."

"वीतभर आहे. बाकीचा होता."

"अहो ताई, चौकी पडेल!"

"पडेल कदाचित. पण मी खोटं लिहून ती उभी ठेवली, तर उद्या आंटींचं खरंही कुणी धरणार नाही."

लिहिलंच त्यांनी, तारखेनिशी. अर्जाला कचेरीचं उत्तर आलं, ते सभ्य होतं. अशा चौक्यांची नोंद आधीच झालेली आहे, इथे कुणी राहत असल्याच्या खुणा पुरेशा नाहीत, मोजमापासाठी एक दिवस मिळेल. मी वस्तीच्या मीटिंगमध्ये सगळ्यांसमोर बोलले, "रोमन लोकांची बाई ती, तिला आपलं काय पडलंय." हे त्यांच्या कानावर गेलं. तरीही मोजमापाच्या दिवशी मी गेलेच. त्यांनी दोरीचं दुसरं टोक माझ्या हातात दिलं.

"ताण. अजून. राग आलाय ना, मग लाव की जोर."

महिन्याभरात त्यांचा करार संपला. पुढचं काम उत्तरेकडच्या कुठल्याशा थंड नदीकाठी, खऱ्या रोमन खंदकात. जाताना राइस कुकर मला दिला, आणि नकाशाची गुंडाळी. चौकी त्याच आठवड्यात पडली. अर्धा दिवसही लागला नाही.

नकाशात चारही भिंती उलगडून मांडलेल्या होत्या, वीट न् वीट. मागच्या भिंतीच्या मधोमध मात्र पांढरा कोरा तुकडा, भोवती तुटक रेघ, आत बारीक अक्षरात: घासलेले. कुणी, ते लिहिलं नव्हतं.

गुंडाळी घेऊन मी आंटीकडे गेले. तिने टेबल दोनदा पुसलं, चष्मा लावला आणि चारही भिंती पाहिल्या. मग त्या कोऱ्या जागेवर बोट ठेवलं.

"इथे काहीच नव्हतं?"

"होतं. आम्ही घासून टाकलं." मग म्हटलं, "मी."

तिने चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "फार कष्टाळू लोक तुम्ही, लाह."

पुढे गिऱ्हाइकं ओरडत होती. तिने एप्रनमधलं पेन काढलं आणि त्या पांढऱ्या तुकड्यात चूल काढली. वर फळी. फळीवर तीन डबे. चुलीपाशी एक उभी रेघ.

"ही आई."

मी फोटो काढून ताईंना पाठवला. दोन दिवसांनी एक ओळ आली: "आईची उंची विचारून घे."

दुसऱ्या दिवशी टेप घेऊन गेले. आंटीने तळहात स्वतःच्या कानाशी आडवा धरला. मी जमिनीपासून तळहातापर्यंत मोजलं.