चौदाचा दगड

अख्खी गाडी रिकामी असली तरी चुनाभाऊ बसत नसत. ब्रह्मपुरीहून सुटून वैनगंगा ओलांडून जंगलात शिरणारी दुपारची बस माझ्याकडे होती. मी तिची कंडक्टर. मागच्या दाराशी दांडा धरून हा वाळका म्हातारा उभा. हातात चुन्याची बादली, तिच्यात शिंदीची फांदी ठेचून केलेला कुंचा. दर किलोमीटरला वाकून बाहेर बघणार आणि ओठांतल्या ओठांत आकडा म्हणणार. मी पहिल्यांदा "बसा ना भाऊ" म्हटलं, तेव्हा म्हणाले, "बसलो का दगड सुटते बाई."

रस्तादुरुस्तीच्या गँगमध्ये त्यांनी उभी हयात घालवली होती. निवृत्त झाले, पण पायांना ते कुणी सांगितलंच नसावं. दिवाळी झाली की स्वतःचा चुना घेऊन निघत आणि तीसेक किलोमीटरचे सगळे दगड पांढरे करत. आमचा ड्रायव्हर टोकायचा, "भाऊ, दगड काई पळून नाई जात." त्यावर यांचं उत्तर ठरलेलं, "म्हनूनच त मले पळा लागते."

एकदा गाडी पंक्चर झाली, तेव्हा त्यांनी मला चौदाच्या दगडापाशी नेलं आणि नखाने चुना खरवडला. पापुद्र्यांखाली मैलाचा जुना कोरीव आकडा होता, बोटाला लागेल एवढाच. "आंदी वाट होती, मंग सडक आली," ते म्हणाले. "वाट इथी काऊन वळली? नाल्यावर बैलं पानी पेत. सडकही मंग तशीच वळली. सायबाले वाटते, त्यानं नकाशा काढला!" त्या दिवसापासून मला त्या रस्त्याची वळणं उगाच वाटेनाशी झाली.

आतल्या टोल्यांवरची, म्हणजे जंगलातल्या वाड्यांवरची, माणसं उतरायची जागा दगडाच्या आकड्याने सांगत. चौदाला उतरायचं, दगडाला हात लावायचा आणि उजव्या हाताच्या पायवाटेला लागायचं, की गिरजाबाईचं घर. गिरजाबाई ही एकटी राहणारी म्हातारी. डोळे अधू, आकड्यांची ओळख नाही. पण चौदाचा दगड तिला तळहातासारखा ठाऊक. तिच्या सगळ्या वाटा तिथूनच सुरू होत.

मग रस्ता रुंद करायला घेतला. महिनाभर मी दुसऱ्या मार्गावर होते. परत आले तर कडेची झाडं गेलेली, वळणं सरळ झालेली, जुने दगड उपटून नवे बसवलेले. पहिल्याच दिवशी गिरजाबाई डोळ्यांत औषध घालून घेऊन गाडीत चढली. "चौदा आला का सांगजो बाई," म्हणाली. बाहेर ओळखीचं काहीच उरलं नव्हतं. नव्याकोऱ्या दगडावर १४ दिसले, मी घंटी मारली आणि तिला हात धरून उतरवलं.

चारेक किलोमीटर पुढे रस्त्याच्या मधोमध चुनाभाऊ हात करत उभे होते. गाडीत डोकावून त्यांनी विचारलं, "गिरजाबाई कुठी हाये? दगड उपटला, म्हनून तिले न्याले आलो."

"चौदाला उतरवलं."

"चौदा त इथी हाये बाई!"

नवी मोजणी दुसऱ्याच गावापासून सुरू झाली होती. नव्या चौदालाही उजवीकडे वाट होती, पण ती तेंदूपत्ता तोडणाऱ्यांची. आत बांबूत जाऊन संपणारी. त्याच बांबूत आठवड्यापूर्वी वाघाने बैल मारला होता. चुनाभाऊंनी बादली तिथेच टाकली आणि गाडी आली त्या दिशेने पळत सुटले. गाडीत चाळीस माणसं होती. मी दोनदा घंटी मारली आणि पुढे गेले. पुढची दुपार कशी गेली ते मला विचारू नका. दोन तिकिटं चुकीची फाडली. नुसत्या दारापासून दारापर्यंत येरझारा घातल्या.

परतीच्या फेरीला उन्हं कलताना नव्या चौदापाशी दोघं उभी दिसली. मी उडीच मारली. भाऊ गुडघ्यापर्यंत चिखलाने माखलेले, गिरजाबाई मात्र शांत. "दगड नवा केला वाट्टे, असं समजली मी," ती म्हणाली. "वाट सरली, मंग बसून राह्यली. भाऊ येतीन हे ठाऊकच होतं."

"चूक माझी झाली भाऊ," मी म्हटलं. मला रडू आवरेना.

"तुमची कायची? तुमी दगड वाचला. दगडच खोटा बोलला." अंधारात चार किलोमीटर चालण्यापेक्षा रात्र ब्रह्मपुरीत काढायची म्हणून दोघं गाडीत चढली आणि चुनाभाऊ चक्क सीटवर बसले. पुढचा दगड येईपर्यंतच. मग पुन्हा दारात.

पुढच्या आठवड्यात टोल्यावरच्या चार माणसांना घेऊन त्यांनी मुरमाच्या ढिगातून जुना चौदा उकरून काढला आणि वाटेच्या तोंडाशी, नव्या रस्त्यापासून जरा आत, पुन्हा उभा केला. चुना लावला, काळ्या रंगाने आकडा घातला. कागदोपत्री त्या दगडाला काही अर्थ नव्हता. मी मात्र तिथेच गाडी थांबवत असे.

गेल्या हिवाळ्यात भाऊ तापाने गेले. मला चार दिवसांनी कळलं, तेही एका प्रवाशाकडून. त्यानंतर त्या दगडापाशी माझी नजर आपसूक खाली जाई. आता दगड मळणार, झुडपं चढणार, संपलं. बघवत नव्हतं.

यंदा दिवाळीनंतर बघते तर चौदा पांढराशुभ्र! आकडा मात्र नाही. शेजारी गिरजाबाई उभी, कोपरापर्यंत चुन्याने भरलेली. मी घंटी मारून खाली उतरले.

"दगड मी केला," ती म्हणाली. "आकडा मले कुठी येते?" तिने पदराखालून भाऊंचा काळ्या रंगाचा डबा आणि बारीक कुंचा काढला आणि माझ्यापुढे धरला. "तुमी लिवा बाई."

ज्या बाईला मी चुकीच्या चौदाला उतरवलं होतं, ती मला चौदा लिहायला सांगत होती. ड्रायव्हरने इंजिन बंद केलं. मी खाली बसले आणि लिहिलं. एक वाकडा आला, चार बरा जमला. गिरजाबाईने ओल्या आकड्याला सांभाळून दगडाच्या डोक्यावर हात ठेवला आणि उजव्या हाताच्या वाटेला लागली.