लक्ष्मीच्या पावलांची रांग

धायरीत आमच्या फुटपाथवर फरशांच्या फटींतून मुंग्यांनी मातीचे बारीक ढीग काढले, की मला एक जुनी दुपार आठवते. अशाच काळ्या मुंग्या जिना चढून घरात आल्या होत्या.

“काळ्या आहेत, हाकलू नका. लक्ष्मी येते,” आई म्हणाली. मी भक्तिभावाने पीठ टाकून स्वागतही केलं.

“लक्ष्मीला चपला बाहेर काढायला सांगा,” बाबा पेपराआडून म्हणाले.

रांग मात्र पीठ आणि उघडा गुळाचा डबा ओलांडून सरळ बाबांच्या खुर्चीकडे गेली. त्यांना शुगर आहे, हे डॉक्टरांनी आम्हाला नंतर सांगितलं. मुंग्या त्यांच्या पायाच्या अंगठ्याच्या जखमेत शिरत होत्या.

“अहो, चावतायत ना!” आई किंचाळली.

बाबांनी पेपर खाली घेतला. “कोण?”