मामाची पाठ

माझ्या सिनेमात चेहरा नसायचा, आवाजही नसायचा. वीस वर्षं हीच माझी ओळख. बाहेरच्या महोत्सवांत लोक याला शैली म्हणत, आणि मलाही ते ऐकायला आवडायचं.

आष्टीकडच्या माळावर मेंढरं राखणाऱ्या माझ्या मामावर मी एक फिल्म केली. शूटिंगच्या दिवशी मामा दाढी करून, धुतलेला पटका बांधून कॅमेऱ्यापुढं ताठ उभा राहिला.

"मामा, तिकडं तोंड करा अन् चालत ऱ्हावा."

"कावून? लई वंगाळ दिसतंय का माझं त्वांड?"

मी हसलो. समजावून सांगितलं नाही. मामा वळला आणि आठ दिवस माझ्यासाठी पाठ करून चालला.

पुढं वडवणीत एका शाळेच्या हॉलमध्ये ती फिल्म दाखवली. मामा-मामी एसटीनं आले. पडद्यावर वीस मिनिटं भेगाळलेल्या टाचा, काठी, धूळ. मामा मधेच माझ्याकडं झुकून कुजबुजला, "म्या कवा येनार?"

"तुमीच हायेत की, मामा. हे पाय तुमचेच."

"आसं व्हय," एवढंच म्हणाला. गावात मात्र कौतुकानं सांगत सुटला, भाच्यानं माझ्या वहाणांचं पिक्चर काढलंय.

दोन वर्षांनी मामा अचानक गेला. तेराव्यानंतर मामीनं मला बाजूला घेतलं. "घरात आधारकार्डावरचा फोटू तेवढा हाय, त्यात वळखूबी येत न्हाईत. तुज्याकडं आसंल की. मेंढरांला हाळी घालायचे, ती तरी आसंल."

मी सगळ्या हार्ड डिस्क तपासल्या. माईक मी लावलाच नव्हता. दोनदा मामानं मागं वळून पाहिलं होतं, हे मला पक्कं आठवत होतं. ते तुकडे बिघडले म्हणून मीच पुसून टाकले होते.

शेवटी लॅपटॉप घेऊन गेलो. मामीनं सगळं बघितलं. टाच आली तेव्हा पडद्यावर बोट ठेवलं. "ह्या भेगंत म्या मेण भरायची." फिल्म संपली तेव्हा म्हणाली, "त्वांड न्हाईच का रं कुठं?"

मी नाही म्हणालो. तिनं मला बोल लावला नाही, चहा ठेवायला उठली.

आता मी माणसाला विचारतो, कसं उभं राहायचंय तुम्हाला? माईक चालू ठेवतो. जुने चाहते म्हणतात, याचा सिनेमा साधा झाला. झाला असेल. मामीच्या घरी मात्र अजून तो आधारकार्डावरून मोठा केलेला, पुसट फोटोच टांगलेला आहे.